मुंबईतून ट्रेकचा व्यवसाय: पहिला हंगाम

सुरुवात एकाच वाटेने करा. कर्जतजवळचा कोथळीगड चांगला: लोकलने कर्जत, पुढे टमटमने पायथ्याचं आंबिवली गाव. त्याआधी उत्तरकाशीच्या नेहरू गिर्यारोहण संस्थेचा 28 दिवसांचा बेसिक कोर्स आणि प्रथमोपचाराचं प्रशिक्षण घ्या. राज्याच्या 2021च्या साहसी पर्यटन धोरणानुसार पर्यटन संचालनालयाकडे नोंदणीही करा.

गट 15 जणांचा ठेवा, पण हिशेब 8 जणांचा मांडा. बहुतेक नवे इथेच बुडतात: गट भरेल म्हणून दर पाडतात, पावसात निम्मे जण येतच नाहीत आणि टमटमवाल्याला पूर्ण पैसे द्यावे लागतात. पैसे आगाऊच घ्या.

जेवण गावातल्या घरीच. पिठलं-भाकरी, ठेचा, स्टीलची ताटं. आकडा आदल्या संध्याकाळी कळवा. सकाळी सांगितलंत तर भाकऱ्या कमी पडणारच. पाण्याच्या विकतच्या बाटल्या बंद. प्रत्येकी 3 लिटर घरून. कचऱ्याची गोणी शेवटच्या लीडरकडे, कारण पुढच्याला मागे पडलेलं वेष्टन दिसत नाही. गावातला वाटाड्या हवाच, धुक्यात तर हवाच हवा.

डोकी तीनदा मोजा: आंबिवलीत, माथ्यावर, परतीच्या टमटममध्ये.