हिमनदीवर मोजणीला जाताय? या चुका टाळा

हिमनदीच्या संशोधनाला हातभार लावणाऱ्या ट्रेकची तारीख जाहीर झाली की फोन सुरू होतात. बूट कोणते घेऊ, रेंज मिळते का, मोठी लेन्स आणू का. तिथे नेमकं मोजतात काय आणि त्यात माझं काम कोणतं, हे फार थोडे लोक विचारतात. मग वर गेल्यावर दर मोसमात त्याच त्या चुका होतात आणि नोंदवहीत रिकाम्या जागा राहतात.

मी हिमाचलच्या लाहौलमधल्या चंद्रा नदीच्या खोऱ्यात जाणाऱ्या गटांबरोबर असते, म्हणून उदाहरणं तिथलीच देते. हिमनद्यांच्या अभ्यासकांना हे खोरं चांगलं परिचयाचं आहे. इथल्या छोटा शिग्री हिमनदीचं वस्तुमान किती वाढलं-घटलं हे २००२ पासून दरवर्षी मोजलं जातंय. इतकी सलग नोंद हिमालयात फार थोड्या हिमनद्यांची आहे. गोव्यात वास्कोला असलेल्या राष्ट्रीय ध्रुवीय व महासागर संशोधन केंद्राने २०१६ मध्ये याच खोऱ्यात सुत्री ढाका इथे ‘हिमांश’ हे संशोधन स्थानक उभारलं, तेही साडेतेरा हजार फुटांच्या वर. या कामात एखाद्या वर्षाचं माप हुकलं तर ते पुन्हा घेता येत नाही. त्या वर्षाचा बर्फ वितळून चंद्रेतून निघून गेलेला असतो.

पैसे भरण्याआधी काहीच न विचारणं

‘क्लायमेट ट्रेक’ हे नाव कुणीही लावू शकतं. पैसे भरण्याआधी चार गोष्टी विचाराच. मोजमाप कोणत्या संस्थेसाठी आहे? त्या संस्थेचा माणूस सोबत असणार की नाही? नमुने घ्यायची परवानगी कुणाच्या नावावर आहे? मागच्या वर्षीच्या नोंदी कुठे जमा झाल्या? आयोजक या प्रश्नांना टाळाटाळ करत असेल तर तो साधा ट्रेक आहे असं समजा. साध्या ट्रेकलाही खुशाल जा, पण संशोधनाच्या नावाने जास्तीचे पैसे देऊ नका. लोकांकडून तक्ते भरून घ्यायचे आणि ते कुणीच वाचायचे नाहीत, असे प्रकार मी पाहिले आहेत. त्यात येणाऱ्याचीही फसवणूक होते आणि विज्ञानाचीही.

एक दिवस वाचवण्यासाठी उंचीशी घाई

आपल्याकडच्या ट्रेकर्सची ही चूक मला सगळ्यात जास्त छळते. सह्याद्रीत वाढलेली माणसं पायाने तयार असतात, अलंग-मदन-कुलंग करून आलेली असतात. पण कळसूबाई म्हणजे १,६४६ मीटर. मनालीच २,००० मीटरच्या वर आहे आणि आपण जिथे झोपणार ते बातल जवळजवळ ४,००० मीटरवर. विरळ हवेत शरीराला जुळवून घ्यायला दिवस लागतात. कळसूबाई दीड तासात करणाऱ्यालाही त्यातून सूट नाही.

ऑक्टोबर २०२० मध्ये अटल बोगदा सुरू झाल्यापासून ही घाई आणखी वाढली. पूर्वी रोहतांगच्या घाटात दिवस जायचा. आता सकाळी मनाली आणि दुपारी चहाला बातल, असं सहज जमतं. गाडी पोचते म्हणून शरीरही पोचलं असं होत नाही.

नाशिकची एक मुलगी होती, मॅरेथॉन धावणारी, तब्येतीने काटक. बोगद्यापलीकडच्या सिस्सूला सगळ्यांसाठी ठेवलेला मुक्काम तिने टाळला, कारण ऑफिसची रजा वाचत होती. दिल्लीहून रात्रभर बसने मनाली, तिथून टॅक्सी, आणि बातलच्या वाटेवरच्या छतडूला आम्हाला येऊन मिळाली. डोकं दुखतंय का विचारलं तर म्हणाली, “ताई, काही नाही, रात्रभर झोप नाही ना, त्याचं आहे.” बातलला रात्री उलट्या सुरू झाल्या. मी तिला तंबूबाहेर काढून टाचेला पंजा लावत सरळ रेषेत चालायला सांगितलं. तिसऱ्याच पावलाला ती माझ्या अंगावर कोसळली. तोल जाणं म्हणजे मेंदूला सूज यायला लागल्याची खूण. अशा वेळी सकाळ होईपर्यंत थांबायचं नसतं. पहाटे दोनला जीप काढली. सोबत आमचा अनुभवी गाईड आणि एकुलता एक ऑक्सिजन सिलिंडर गेला. मनालीपर्यंत उतरल्यावर दुपारी ती नीट बोलायला लागली आणि आमचा जीव भांड्यात पडला.

गाईड आणि गाडी दोन्ही खाली गेल्यामुळे वरच्या भागातलं त्या दिवशीचं काम रद्द झालं. दुसऱ्या दिवशी ढग उतरले. वरच्या टप्प्यातली मापं त्या वर्षी राहिलीच. म्हणून माझा नियम साधा आहे: मधे येऊन मिळणाऱ्या कुणालाही मी घेत नाही, रजेचं कारण कितीही खरं असलं तरी. ३,००० मीटरनंतर झोपायची उंची एका दिवसात ५०० मीटरपेक्षा जास्त वाढू द्यायची नाही, आणि रस्त्यामुळे ती वाढणारच असेल तर आधी एक मुक्काम जास्त करायचा. डायमॉक्स, म्हणजे उंचीच्या त्रासावरची गोळी, घ्यायची की नाही हे निघण्याआधी डॉक्टरांना विचारा, सल्फाची अ‍ॅलर्जी असेल तर ते आवर्जून सांगा. ती गोळी घेतली म्हणून भराभर चढायचा परवाना मिळत नाही. आणि डोकं दुखलं तर सांगा. लपवणारा माणूस शूर आहे असं मला कधीच वाटलेलं नाही.

मोजणीच्या खुणांना हात लावणं

आता ज्या चुकीमुळे हा लेख लिहायला बसले ती.

हिमनदीच्या खालच्या भागात वितळण किती झाली हे मोजायची पद्धत फार साधी आहे. वाफेच्या ड्रिलने बर्फात खोल भोक पाडतात आणि त्यात बांबूची काठी सोडतात. दोन-दोन मीटरचे तुकडे तारेने एकमेकांना बांधलेले असतात. समजा सप्टेंबरअखेर दहा मीटर बांबू पूर्ण आत गेला आणि पुढच्या सप्टेंबरला चार मीटर उघडा पडला, तर त्या जागी चार मीटर बर्फ गेला. पाण्याच्या हिशेबात साधारण ३.६ मीटर, कारण बर्फ पाण्यापेक्षा हलका असतो. बाहेर आलेले तुकडे उभे राहत नाहीत, सांध्यापाशी वाकून बर्फावर आडवे पडतात. मोजणारा आधी हे आडवे तुकडे मोजतो आणि मग उभ्या तुकड्याचा उघडा भाग टेपने. म्हणजे पडलेला बांबू हाच हिशेबाचा मोठा भाग असतो.

एका गटात पुण्याचा एक तरुण इंजिनिअर होता. मनाने चांगला, कामाला पुढे. जाताना येताना प्लास्टिक उचलायचा, कमरेला पोतं बांधलेलं. एका दुपारी आम्ही खालच्या टप्प्यावर पुढे गेलो आणि तो मागे राहिला. संध्याकाळी तंबूपाशी आला तो खांद्यावर बांबूची मोळी घेऊन. टोकं उन्हाने पांढरी पडलेली, तारा गंजलेल्या, आणि त्या तारा त्याने पक्कडीने व्यवस्थित कापलेल्या. “ताई, कुणीतरी केवढा कचरा टाकून गेलंय वर!” असं म्हणत त्याने ती मोळी आमच्या शास्त्रज्ञांच्या पुढ्यात ठेवली.

शास्त्रज्ञ चिडले नाहीत. त्यांनी एकेक तुकडा हेडलॅम्पखाली फिरवून नंबर शोधला. बहुतेकांवरची शाई उन्हापावसाने गेलेली होती. तुकडे शेजारशेजारच्या दोन काठ्यांचे होते आणि कोणता कुठला, हे आता कुणालाच सांगता येणार नव्हतं. दुसऱ्या दिवशी जागेवर गेलो तर एका भोकातून सत्तरेक सेंटिमीटर बांबू वर दिसत होता आणि दुसऱ्यातून त्याहून थोडा कमी. त्याआधी किती पूर्ण तुकडे बाहेर पडले होते? शेजारच्या काठ्यांवरून अंदाज बांधता आला असता, मी तसं सुचवलंही. त्यांनी मान हलवली आणि दोन्ही रकान्यांत पेन्सिलीने ‘नोंद नाही’ लिहिलं. तो मुलगा रात्री जेवला नाही.

त्याचा हेतू शंभर टक्के चांगला होता, म्हणूनच हे लिहितेय. हेतू चांगला असलेली माणसंच कललेली काठी सरळ करतात, सैल वाटली म्हणून खाली दाबतात, तिला झेंडा बांधून फोटो काढतात. काठी दाबली की माप गेलं. माझ्या गटात आता पद्धत ठरलेली आहे: काठीपासून दहा पावलांवर सगळे थांबतात, हात खिशात. एकजण मोजतो आणि आकडा मोठ्याने म्हणतो, लिहिणारा तोच आकडा परत म्हणतो, मग दुसरा माणूस पुन्हा मोजतो. दोन आकडे जुळल्याशिवाय कुणी पुढे सरकत नाही. थंडीत उभं राहायचा कंटाळा येतो, मान्य आहे. ज्यांना तो सहन होत नाही त्यांनी हम्प्ता पासला जावं. सुंदर ट्रेक आहे आणि तिथे कुणी थांबवत नाही.

बाकीच्या चुका, थोडक्यात

नोंदीसाठी पेन आणू नका, थंडीत शाई चालत नाही. पेन्सिल आणा, दोन आणा.

हिमाचा नमुना घेताना वारा तोंडावर येईल असे उभे राहा आणि हातमोजे घाला. सनस्क्रीनच्या हाताने बाटली उघडली की तो नमुना फेकावा लागतो. नाव बाटलीवर लिहा. फक्त झाकणावर लिहिलं तर झाकणांची अदलाबदल होते.

नाले सकाळी लवकर ओलांडायचे. दुपारी वितळलेलं पाणी उतरतं आणि सकाळी घोट्याएवढा असलेला नाला मांडीपर्यंत येतो.

ताज्या हिमावर गाईडच्या पावलातच पाऊल. खालची भेग वरून दिसत नाही. शॉर्टकट म्हणून वळण कापणाऱ्याला मी त्याच दिवशी बेस कॅम्पवर बसवते.

गॉगल काढून फोटो काढू नका. डोळे भाजल्याचं रात्री कळतं.

सॅटेलाइट फोन परवान्याशिवाय भारतात बाळगणं गुन्हा आहे. परदेशातून येणाऱ्या आपल्या मंडळींना हे माहीत नसतं आणि विमानतळावरच अडकायला होतं.

मुखाकडे बघून निकाल देणं

“किती मागे गेली?” हा प्रश्न हमखास येतो. हिमनदीचं मुख, म्हणजे तिचं खालचं टोक, मागे सरकतं हे खरं, पण बर्फ सगळ्यात जास्त जातो तो वरून, जाडी कमी होऊन. दगडमातीचा जाड थर असलेल्या हिमनदीचं मुख वर्षानुवर्षं जागेवर दिसू शकतं आणि आतून ती खंगत असते. थर पातळ असेल तर उलट होतं, काळा दगड ऊन शोषतो आणि खालचा बर्फ लवकर वितळतो. हिंदुकुश-हिमालयातल्या हिमनद्यांनी २०११ ते २०२० या दशकात आधीच्या दशकापेक्षा ६५ टक्के जास्त वेगाने बर्फ गमावला, असं काठमांडूच्या इसिमोड संस्थेने २०२३ च्या अहवालात म्हटलं आहे. असे निष्कर्ष वर्षानुवर्षांच्या मापांवर उभे असतात. एका सहलीतल्या एका फोटोखाली ‘हिमनदी संपली’ असं लिहून टाकू नका. फोटो उपयोगी पडावा असं वाटत असेल तर ठरलेल्या खडकावर उभे राहून, मागच्या वर्षीचा फोटो समोर धरून, तीच चौकट घ्या आणि तारीख लिहा.

परतीचं तिकीट घट्ट बांधणं

मापं सप्टेंबरअखेर घेतात, कारण तेव्हा वितळण थांबते आणि नवा बर्फ साचायच्या आत वर्षाचा हिशेब लागतो. हाच काळ बेभरवशाचा. सप्टेंबर २०१८ मध्ये लाहौल-स्पीतीत अवेळी जोरदार बर्फ पडला, शेकडो लोक अडकले आणि हवाई दलाची हेलिकॉप्टरं आणावी लागली. तरीही लोक ट्रेक संपतो त्याच्या दुसऱ्या रात्रीचं दिल्लीहून राजधानीचं तिकीट काढून येतात आणि शेवटचे दोन दिवस घड्याळाकडे बघत काढतात. हातात दोन दिवस मोकळे ठेवा. तेवढी रजा मिळत नसेल तर पुढच्या वर्षी या.

आणि नोंदवहीच्या प्रत्येक पानाचा फोटो बेस कॅम्प सोडण्याआधी निदान तीन जणांच्या फोनमध्ये असू द्या. बातलहून परतताना ग्राम्फूपर्यंतच्या रस्त्यावर पाणी ओलांडताना सॅक भिजते.