मॅक्सिमिलियनची बादशाही: कुठलं पुस्तक आधी, कुठलं नंतर

आधी माझी चूक सांगते, म्हणजे तुमचे पैसे वाचतील. जोन हॅस्लिप यांनी लिहिलेलं मेक्सिकोचा बादशहा मॅक्सिमिलियन याचं चरित्र १९७१ साली इंग्लंडात ‘इम्पीरियल अ‍ॅडव्हेंचरर’ या नावाने निघालं आणि अमेरिकेत ‘द क्राउन ऑफ मेक्सिको’ या नावाने. मी दोन्ही मागवली, जुनी पुस्तकं विकणाऱ्या दोन वेगवेगळ्या ठिकाणांहून. दुसरं उघडलं आणि चौथ्या पानावर लक्षात आलं की हे तर आपण गेल्याच महिन्यात संपवलंय. आमचे हे पेपरातून मान वर न करता म्हणाले, “आता तिसरं नाव कुठलं आहे?” तेव्हापासून नावावर जात नाही. आधी लेखक बघते, मग साल बघते, मगच पैसे पाठवते. हाच घोळ बादशहाच्या बायकोच्या नावातही आहे. बेल्जियमच्या राजाची ती मुलगी, माहेरची शार्लोट, मेक्सिकोत गेल्यावर कार्लोटा झाली. शोधताना दोन्ही नावं टाका.

ठाण्याला नौपाड्यात राहते, बँकेच्या वसुली खात्यातून निवृत्त झाले. या विषयाकडे वळले ती राजाराणीच्या प्रेमापायी नाही, थकबाकीपायी. जुलै १८६१ मध्ये मेक्सिकोचा अध्यक्ष बेनितो हुआरेझने परदेशी कर्जाचे हप्ते दोन वर्षांसाठी थांबवले. इंग्लंड, स्पेन आणि फ्रान्स वसुलीला आले. पहिले दोघे पुढच्या वर्षी परत गेले, फ्रान्सचा तिसरा नेपोलियन मात्र राहिला. त्याला पैसे नको होते, गादीवर आपला माणूस हवा होता. तो मिळाला ऑस्ट्रियाच्या बादशहाचा धाकटा भाऊ, म्हणजे आपला मॅक्सिमिलियन.

म्हणून माझी पहिली सूचना: कुठलंही पुस्तक हातात आलं की शेवटची सूची उघडा आणि तीन नोंदी शोधा. पहिली झेकर. हा स्विस सावकार. कागदावर मेक्सिकोकडून दीड कोटी पेसोंचं येणं, आणि त्याने प्रत्यक्ष मोजलेली रोकड दहा लाखांच्याही आत. दुसरी मिरामारचा करार, मॅक्सिमिलियन आणि तिसऱ्या नेपोलियनमधला, १० एप्रिल १८६४. मॅक्सिमिलियनने मुकुट स्वीकारला त्याच दिवशी या करारानं जुलै १८६४ पर्यंतच्या फ्रेंच मोहिमेचा २७ कोटी फ्रँक खर्च मेक्सिकोच्या डोक्यावर बसला, आणि पुढे प्रत्येक फ्रेंच सैनिकामागे वर्षाला हजार फ्रँक. ऋण काढून सण म्हणतात तो हा. असा प्रस्ताव मी टेबलावर ठेवला असता तर साहेबांनी फाइल परत भिरकावली असती. तिसरी नोंद मॅक्सिमिलियनच्या ३ ऑक्टोबर १८६५ च्या फर्मानाची: सशस्त्र टोळीत सापडलेल्याला लष्करी न्यायालयापुढे उभं करायचं आणि चोवीस तासांत गोळी घालायची. हे तीन विषय ज्या पुस्तकात एकेका ओळीत उरकलेत, त्यात नाचगाणी, झगे आणि अश्रू भरपूर मिळतील. वाचा, पण हिशेब म्हणून वाचू नका.

सुरुवात जॅस्पर रिडलीच्या ‘मॅक्सिमिलियन अँड हुआरेझ’पासून करा (१९९२). नावातच दोघं आहेत, आणि मला तेच महत्त्वाचं वाटतं. झापोतेक आदिवासी घरातला, वकील होऊन अध्यक्ष झालेला हुआरेझ कित्येक चरित्रांत खलनायकासारखा पडद्याआड उभा असतो. नावांचे उच्चारही इथेच लावून घ्या. स्पॅनिशमध्ये इंग्रजी ‘जे’चा ‘ह’ होतो: हुआरेझ, मेहिया. मी पन्नास पानं ‘जुआरेझ’ वाचत होते.

तारखा लक्षात राहत नसतील तर आपल्याकडच्या खुंट्यांना अडकवा. मी वहीत डाव्या बाजूला आपलं आणि उजव्या बाजूला त्यांचं लिहिते. बोरीबंदरहून आगगाडी ठाण्यात आली १८५३ च्या एप्रिलमध्ये, मॅक्सिमिलियनने मुकुट घेतला बरोब्बर अकरा वर्षांनी, त्याच एप्रिलमध्ये. त्याचं आणि शार्लोटचं लग्न २७ जुलै १८५७, म्हणजे आपल्याकडे उठाव पेटलेला होता तेव्हा. १९ जून १८६७ ला केरेतारोच्या टेकडीवर मिरामोन आणि मेहिया या त्याच्या सेनापतींसोबत मॅक्सिमिलियनला हुआरेझच्या सैन्याने गोळ्या घातल्या. कार्लोटा गेली १९ जानेवारी १९२७ ला, बेल्जियमच्या बूशू किल्ल्यात. या दोन तारखांमध्ये माझ्या वहीची जवळजवळ साठ वर्षं कोरी आहेत.

त्यानंतर प्रत्यक्ष पाहिलेल्यांचं लिखाण. यासाठी खर्च नको, जुनी पुस्तकं गुटेनबर्ग आणि इंटरनेट अर्काइव्ह या संकेतस्थळांवर फुकट मिळतात. सारा यॉर्क स्टीव्हन्सन ही अमेरिकन मुलगी त्या काळात मेक्सिको शहरात राहत होती. तिच्या आठवणी १८९९ मध्ये छापल्या. संध्याकाळी तलावपाळीच्या बाकावर मोबाइलवर वाचत संपवल्या. काउंटेस कोलोनित्झ तर मेक्सिकोला जाणाऱ्या नोव्हारा जहाजावर बादशहा नवराबायकोसोबतच होती. त्याच प्रवासात बादशहा आपल्या दरबाराचे रीतिरिवाज लिहून काढत होता. म्हणजे देश अजून पाहिला नाही, खजिना रिकामा, आणि साहेब ठरवताहेत कोणी कुठे उभं राहायचं! वेराक्रूझला उतरले तेव्हा रस्त्यांत स्वागताला गर्दीही नव्हती. साक्षीदार वाचताना एवढंच बघा की हा माणूस कुठल्या खिडकीतून पाहत होता. काउंटेस काही महिन्यांतच परत गेली, शेवटाचं तिला विचारू नका. शेवटासाठी कैदेत सोबत असलेला डॉक्टर बाश किंवा प्रिन्स साल्म-साल्म.

फेर्नांदो देल पासोची ‘न्यूज फ्रॉम द एम्पायर’ (मूळ स्पॅनिश १९८७) ही कादंबरी सगळ्यात शेवटी घ्या. मी ती पहिली घेतली आणि दोनदा सोडून दिली. विषम प्रकरणांत म्हातारी, वेडी कार्लोटा बूशूमध्ये बडबडते, सम प्रकरणांत इतिहास. माणसं ओळखीची नसतील तर बडबडीत हरवायला होतं. तिची वाक्यं कार्लोटाची म्हणून कुठे उद्धृत करू नका, ती देल पासोची आहेत.

मूल नसल्यामुळे या जोडप्याने १८६५ मध्ये पहिला बादशहा इतुर्बिदे याचा नातू, दोन वर्षांचा अगुस्तीन, दरबारात आणला. आपल्याला लगेच झाशीचा दामोदरराव आठवतो. पण हे विधिवत दत्तक नव्हतं, पैसे आणि पदव्यांच्या मोबदल्यात केलेली व्यवस्था होती, आणि आईला देश सोडायला लागला. हा धागा धरायचा असेल तर सी. एम. मेयोची या मुलावरची कादंबरी आहे. मोठा झाल्यावर तो वॉशिंग्टनमधल्या जॉर्जटाउन विद्यापीठात शिकवत होता.

हॅस्लिपबाईंची जास्तीची प्रत अजून कपाटात आहे. ठाण्यात कोणाला हवी असेल तर द्यायची आहे, फक्त आधी दुसऱ्या नावाने तुमच्याकडे नाही ना, ते बघा.