कवितेवर शॉर्टफिल्म करताय? या चुका टाळा

भावकवितेवर शॉर्टफिल्म करायची ठरली की बहुतेक जण ओळीसमोर शॉट लिहीत सुटतात. ओळीत समुद्र आला की मरीन ड्राइव्ह, एकटेपणा आला की लोकलचा रिकामा डबा. मीही हेच केलं होतं. गिरगावातल्या चाळीत केलेल्या माझ्या पहिल्या फिल्ममध्ये ‘वाट’ हा शब्द ऐकू आला रे आला की गॅलरीत उभी बाई दिसायची. शब्दांनी सांगून झालेली गोष्ट चित्र पुन्हा सांगत होतं आणि कविता तिथेच विझत होती. शेवटी तो शॉट काढला. त्या जागी पहाटे नळाखाली ठेवलेली बादली घेतली. ती भरते, वाहू लागते, तरी उचलायला कुणी येत नाही. वाट पाहणं त्यात आपसूक आलं.

तुमच्या फिल्मचं असंच झालंय का, हे तपासायला एकदा आवाज बंद करून ती पाहा, मग डोळे मिटून नुसती ऐका. दोन्ही वेळा तेच कळत असेल तर चित्र बदला, कवीच्या शब्दांना हात लावू नका.

लयीकडे तर फार उशिरा लक्ष जातं. एडिट पूर्ण झाल्यावर वाचन त्यावर बसवायला गेलं की यती, म्हणजे ओळीतला थांबा, भलतीकडे पडतो. अभंगाची ओळ जिथे श्वास घेते तिथे मुक्तछंदाची घेत नाही. म्हणून शूटिंगआधीच मोबाइलवर कच्चं वाचन रेकॉर्ड करा आणि कट त्यावर बांधा. दहा-बारा ओळी मिनिटभरात वाचून होतात, मग पाच मिनिटांच्या फिल्ममध्ये बराच वेळ शब्दांविना उरतो. तो पार्श्वसंगीताने भरून टाकू नका. लांबून जाणारी लोकल, कुकरची शिट्टी, कावळे हे आवाज त्या-त्या जागी मिनिटभर वेगळे रेकॉर्ड करून आणा. ओळ संपल्यावर ऐकणाऱ्याला तेवढा अवकाश हवा असतो.

परवानगीचं काम शूटिंगआधीच उरका. कवीच्या हयातीत प्रसिद्ध झालेल्या कवितेवर त्याच्या निधनाच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं कॉपीराइट असतो. मर्ढेकर १९५६ साली गेले, त्यामुळे त्यांच्या अशा कविता २०१७ पासून खुल्या आहेत. कुसुमाग्रज (निधन १९९९) किंवा नारायण सुर्वे (निधन २०१०) घ्यायचे तर हक्कदारांची लेखी परवानगी हवीच. कवितेला कुणी लावलेली चाल वापरणार असाल तर तिचे हक्क वेगळे.