ऊसतोडीच्या गावावर माहितीपट करताना

बीड जिल्ह्यातल्या धारूर, केज, वडवणीकडच्या ऊसतोड कामगारांवर माहितीपट करायचा तर चित्रीकरण गळीत हंगामावर बेता. टोळ्या दसरा-दिवाळीला निघतात आणि गुढीपाडव्याच्या आसपास परततात. मध्ये गावात गेलात तर म्हातारी माणसं, लेकरं आणि कुलपं भेटतील. तेही टिपायचंच, पण त्याआधी पावसाळ्यात तीच घरं भरलेली टिपून ठेवा. नाहीतर कुलूप नुसतं कुलूप दिसतं.

माणसं का जातात ते विहीर सांगते. दर महिन्याला ती एकाच चौकटीतून घ्या. ट्रायपॉडच्या पायांच्या जागा रंगाने खुणवा. उंची आणि लेन्सचा आकडा वहीत लिहा. वेळही तीच ठेवा, कारण सावली सरकली की पातळी बदलल्याचा भास होतो. गाठी मारलेल्या दोरीला दगड बांधून पाण्यापर्यंतची खोली मोजा आणि तारखेसह माईकवर बोलून ठेवा. हे मोटार सुरू होण्याआधी करा. उपसा चालू असताना घेतलेला आकडा खरा नसतो.

कॅमेरा सेकंदाला 25 फ्रेम, शटर 1/50. आपली वीज 50 हर्ट्झची असल्याने घरातल्या दिव्याची लुकलुक यात सहसा येत नाही. उन्हात हेच शटर ठेवायला एनडी फिल्टर, म्हणजे प्रकाश कमी करणारी काळसर काच, लागतो. एप्रिल-मेमध्ये फोनवर चित्रीकरण करत असाल तर कव्हर काढा आणि छत्री धरा, नाहीतर तो तापून मुलाखतीच्या मध्येच बंद पडतो.

चित्र थोडं डावं चालतं, आवाज चालत नाही. कॉलर माईक हनुवटीखाली वीतभर अंतरावर लावा, वाऱ्यासाठी त्यावर केसाळ टोपी घाला. बाईच्या अंगावर लावताना मंगळसूत्र बाजूला राहील असं पाहा. मण्यांची टकटक नंतर काढता येत नाही, आणि सिंथेटिक पदर सळसळतो. बोलणं रेकॉर्डरच्या मीटरवर उणे 12 डेसिबलच्या आसपास ठेवा. मुलाखत संपली की त्याच जागी मिनिटभर नुसती शांतता रेकॉर्ड करा, संकलनात जोड झाकायला तीच लागते.

उचल म्हणजे हंगामाआधी घेतलेली आगाऊ रक्कम. "उचल किती घेतली?" विचारलं तर आकडा मिळतो. "उचल घेतल्यापासून गाडी निघेपर्यंत काय काय केलं?" विचारा, म्हणजे दुकानाची उधारी, लेकरांची शाळा, शेळ्या कुणाकडे ठेवल्या, सगळं येतं. मुकादम, म्हणजे उचल देऊन टोळी नेणारा ठेकेदार, जवळ असताना हे विचारूच नका. बायकांशी बोलायला बाईच असलेली बरी.

मुकादमाचं नाव आणि ट्रॅक्टरचा नंबर चित्रात येऊ देऊ नका. पुढच्या हंगामाचं काम त्याच्याच हातात असतं, आणि त्याचा राग कामगाराला सोसावा लागतो. संमती कॅमेऱ्यावर घ्या, पण तेवढ्यावर थांबू नका. कच्चं संकलन टोळी निघण्याआधी, दसऱ्याच्या आत, त्या कुटुंबाला घरी बसून दाखवा आणि ते म्हणतील तो भाग काढा.