बाथरूमच्या जुन्या टाइल्स काढताना या चुका टाळा

टाइल्स फोडणं अवघड नाहीये, अवघड आहे ते त्यांच्या मागचं आणि खालचं शाबूत ठेवणं, आणि नेमकं तिथेच कुणी लक्ष देत नाही म्हणून अगदी कळकळीने लिहितोय.

सगळ्यात महागात पडणारी चूक म्हणजे नहाणी ट्रॅप (लादीतलं सांडपाणी जायचं जाळीखालचं तोंड) उघडा ठेवून तोडफोड सुरू करणं. आमच्याकडे हेच झालं, प्लॅस्टरचा चुरा आणि टाइलचे तुकडे आत गेले, त्यावर नवीन कामाचं सिमेंटचं पाणी गेलं आणि सगळं दगडासारखं घट्ट बसलं, मग काय, नवीन लादी फोडून ट्रॅप बदलावा लागला. म्हणून पहिला हातोडा मारायच्या आधी ट्रॅपमध्ये गोणपाटाचा घट्ट बोळा कोंबा, वर प्लॅस्टिक आणि टेप, कमोड काढला असेल तर त्या तोंडालाही तसंच करा. आणि आत कचरा गेलाच असेल तर पाणी मारून पुढे ढकलू नका, तो पुढच्या बेंडला जाऊन अडकतो, हाताने नाहीतर ओलं-सुकं दोन्ही खेचणाऱ्या व्हॅक्युमने वर काढा.

भिंतीवर सरळ ब्रेकर मशीन लावू देऊ नका. फ्लॅटमधल्या आतल्या भिंती बऱ्याचदा चार इंची असतात, दणक्याने पलीकडच्या बेडरूमचं प्लॅस्टर सुटतं. छन्नी तिरपी धरून एका सुट्या टाइलपासून सुरुवात करायची, नाण्याने ठोकून बघा, पोकळ आवाज येतो ती आधी निघते. कन्सिल्ड, म्हणजे भिंतीत लपवलेले पाइप साधारण नळाच्या सरळ वर किंवा आडव्या रेषेत जातात, तिथे खडूने खूण करा. मेन कॉक बंद आणि गिझरचा एमसीबी (इलेक्ट्रिक बोर्डावरचा सेफ्टी स्विच) पण बंद, हे आदल्या रात्रीच ठरवून ठेवा. पाइप फुटलाच तर एम-सील लावून वर टाइल बसवू नका प्लीज! तेवढा तुकडा कापून जोड द्या आणि प्रेशर टेस्ट करून, म्हणजे पाइपमध्ये दाबाने पाणी भरून गळत नाही ना ते बघून, मगच पुढे जा. जुने गंजलेले जीआय (जस्ताचा मुलामा असलेले लोखंडी) पाइप असतील तर सगळेच बदला.

"फक्त लादी काढतो, वॉटरप्रूफिंगला हात लावत नाही" असं कॉन्ट्रॅक्टर म्हणाला तरी विश्वास ठेवू नका. खालच्या ब्रिकबॅट कोब्याला (विटांचे तुकडे आणि सिमेंटचा वॉटरप्रूफिंगचा थर) हादरे बसतात, तडे जातात. वॉटरप्रूफिंगचा खर्च आधीच धरा, ते झाल्यावर किमान 48 तास पाणी भरून ठेवा, आणि खालच्या काकूंच्या बाथरूमचं सीलिंग काम सुरू व्हायच्या आधी आणि नंतर, दोन्ही वेळा स्वतः जाऊन बघून या, फोटो काढा.

धुळीला तोंडावर रुमाल पुरत नाही, त्यात सिलिका असते, फुप्फुसं खराब होतात. एन-95 मास्क आणि गॉगल कामगारांना पण द्या, चपलेवर काम करू देऊ नका, टाइलची धार ब्लेडसारखी असते. गोण्या अर्ध्याच भरा, नाहीतर जिन्यात फाटतात.