प्लॉट आणि जॉनर: नवीन लिहिणाऱ्यांसाठी थोडं अनुभवातून

नवीन लिहिणाऱ्यांचे ड्राफ्ट माझ्याकडे बरेचदा येतात, ओळखीतून ओळख निघते आणि कुणीतरी फाईल पाठवतंच, सोबतचा मेसेजही ठरलेला, "भाषा ठीक आहे का बघ जरा." भाषा बहुतेक वेळा ठीकच असते हो. अडतं ते दुसरीकडेच. तीन-चार पानं झाली की मला कळेनासं होतं की मी नक्की कशाची वाट बघत पुढे वाचतेय. आणि लिहिणाऱ्याला विचारलं तर तो अख्खी गोष्ट सांगायला बसतो, हे झालं, मग ते झालं, मग तो गेला, मग ती आली...

ह्या "मग"चंच तर दुखणं आहे. इंग्रजी कादंबरीकार ई. एम. फॉर्स्टरने 1927 साली एक उदाहरण दिलं होतं, लेखनाच्या क्लासला गेलात तर पहिल्याच दिवशी कानावर पडेल. राजा मेला आणि मग राणी मेली, ही झाली गोष्ट. राजा मेला आणि त्या दुःखाने राणी मेली, हा झाला प्लॉट. फरक काय तर एका कारणाचा. ऐकायला सोपं वाटतं पण स्वतःच्या कथेला लावून बघा, घाम फुटतो. मी करते ते असं: प्रत्येक सीन एका ओळीत लिहून काढायचा आणि दोन ओळींच्या मध्ये "म्हणून" बसतं की "पण" बसतं ते बघायचं. दोन्ही बसत नसेल आणि फक्त "आणि मग"च बसत असेल तर त्या सांध्यात काहीतरी पोकळ आहे. (ही युक्ती माझी नाही, 'साउथ पार्क' ही कार्टून मालिका करणारे ट्रे पार्कर आणि मॅट स्टोन हीच सांगतात, मी फक्त वापरते.)

आता जॉनर, म्हणजे कथेचा प्रकार, रहस्यकथा, प्रेमकथा वगैरे. ह्याच्याबद्दल नवीन लोकांचा समज असा की ते पुस्तकाच्या दुकानातलं लेबल, आधी लिहू, मग बघू कुठल्या खणात बसतंय ते. माझं मत एकदम उलट आहे. वाचक कुठला प्रश्न मनात धरून पानं उलटणार ते जॉनर ठरवतं, आणि त्या प्रश्नाला कितपत ताणायचं, उत्तर कधी नि किती किती सोडायचं हे प्लॉटचं काम. त्यामुळे जॉनर ठरला नसेल तर प्लॉट नीट रचताच येत नाही, निदान मला तरी येत नाही.

एक प्रसंग घेऊ. बरीच वर्षं बेपत्ता असलेला मुलगा रात्री घराची बेल वाजवतो आणि आई दार उघडते. बस, एवढंच.

रहस्यकथा असेल तर प्रश्न मागे वळतो: इतकी वर्षं हा होता कुठे, आणि गेला का? मग दारातल्या त्याच सीनमध्ये तुम्हाला काहीतरी पेरावं लागणार, म्हणजे तो उजवीकडच्या खोलीकडे न विचारता वळतो, जी खोली तो गेल्यानंतर बांधलेली आहे. वाचकाच्या नजरेतून ते निसटलं पाहिजे पण पानावर ते असलंच पाहिजे. थ्रिलर असेल तर प्रश्न पुढे पळतो: त्याच्या मागावर कोण आहे आणि सकाळपर्यंत काय होणार? इथे खोलीबिली राहू द्या, इथे आई दार लावताना कडी नीट बसत नाही ते दाखवा. भयकथेत आईने त्याचा मृतदेह स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलेला आहे, तरीही ती त्याला आत घेते. प्रेमकथेत आतल्या खोलीत त्याची बायको आहे आणि तिने नुकतंच दुसऱ्या कुणाला तरी हो म्हटलंय. आणि कौटुंबिक कादंबरी असेल तर धाकटा भाऊ जिन्यातून खाली येता येता थबकतो, कारण घर आता त्याच्या एकट्याच्या नावावर आहे. प्रसंग तोच, बेल तीच, पण काय दाखवायचं आणि काय झाकायचं ते प्रत्येक वेळी बदललं.

झाकण्यावरून सिनेदिग्दर्शक हिचकॉक आठवतो, त्याचं उदाहरण असं. टेबलाखाली बॉम्ब आहे, माणसं गप्पा मारतायत, अचानक स्फोट: पंधरा सेकंदांचा धक्का. तोच बॉम्ब प्रेक्षकाला आधी दाखवा, गप्पा त्याच ठेवा: पंधरा मिनिटांचा सस्पेन्स. नवोदितांना ट्विस्टची इतकी हाव असते की सगळंच लपवतात, आणि मग वाचक ज्याची काळजी करू शकला असता असं काही हातात उरतच नाही. थ्रिलर लिहिताय तर माहिती द्या हो, सढळ हाताने द्या.

रहस्यकथेचा मामला वेगळा, आणि तिथे मी जरा जास्त रेंगाळणार कारण सगळ्यात जास्त ड्राफ्ट त्यातच फसलेले बघितलेत. साहित्य-समीक्षक त्झवेतान तोदोरोव्हने 1966 साली मांडलं की रहस्यकथेत खरं तर दोन गोष्टी असतात, एक गुन्ह्याची, जी आधीच घडून गेलेली आहे, आणि दुसरी तपासाची, जी आपण वाचतो. लोक दुसरीच लिहायला बसतात आणि पहिली वाटेत सुचेल म्हणतात. नाही सुचत. आधी गुन्ह्याची गोष्ट वेगळ्या कागदावर सरळ क्रमाने लिहा, कोण कधी कुठे होतं, कुणाला काय माहीत होतं, सगळं वेळेसकट. मग त्यातले तुकडे तपासात उलटेसुलटे वाटा. इंग्रजी रहस्यकथाकार रोनाल्ड नॉक्सने 1929 मध्ये रहस्यकथेचे दहा नियम केले होते, त्यातले काही आज हसू आणतात, पण दोन अजून पक्के आहेत: गुन्हेगार कथेच्या सुरुवातीच्या भागातच येऊन गेलेला हवा, आणि डिटेक्टिव्हला योगायोगाची मदत मिळता कामा नये. योगायोगाने माणूस अडचणीत सापडला तर वाचक खपवून घेतो, योगायोगाने सुटला तर पुस्तक मिटतो.

प्रेमकथेला "शेवट आधीच कळतो" म्हणून नाकं मुरडणारे बरेच भेटतात. अहो कळणारच, ती दोघं एकत्र येणार हे माहीत असूनच वाचक आलाय, त्याला "कसं" बघायचंय, म्हणजे अडथळा खरा हवा. एका फोनने मिटणारा गैरसमज तीनशे पानं चालवू नका एवढंच. विज्ञानकथेत सहसा एक नवी गोष्ट पुरते, तिचे परिणाम शेवटपर्यंत न्या, दर प्रकरणाला नवीन यंत्र काढू नका.

तो पिरॅमिडचा आराखडा, चढण-कळस-उतार, तोही तुम्हाला कुणीतरी दाखवेलच. जर्मन लेखक गुस्टाव्ह फ्रायटागने 1863 साली तो पाच अंकी नाटकांसाठी मांडला आणि त्यात कळस मधोमध आहे, आज क्लायमॅक्स शेवटाजवळ काढून तेच चित्र त्याच्या नावावर फिरवतात. आठ पानांच्या कथेला तो लावायची काहीच सक्ती नाही.

दोन जॉनर मिसळायला माझी हरकत नाही, मजा येते उलट. फक्त मालक कोण, म्हणजे मुख्य जॉनर कुठला, ते सुरुवातीलाच कळू द्या. अख्खी कथा बोटांचे ठसे आणि उलटतपासणीत गेली आणि शेवटच्या पानावर खून भुताने केला निघालं, तर वाचक चिडतो आणि त्याचं बरोबरच आहे. भूत आणायचंच असेल तर पहिल्या काही पानांत ह्या घरात असलं काही होऊ शकतं एवढी शंका टाकून ठेवा, मग शेवटी खुशाल आणा.