किशोरवयीन मुलासाठी कलोन निवडताना या चुका टाळा

घामाच्या वासावर उपाय म्हणून कलोन आणणं, ही सगळ्यात मोठी चूक. वयात येताना काखेतल्या विशिष्ट घामग्रंथी कामाला लागतात. त्यांचा घाम मुळात जवळपास बिनवासाचा असतो. त्वचेवरचे जिवाणू तो फोडतात आणि त्यातून तो उग्र दर्प येतो. कलोन त्या दर्पाचं मूळ काढत नाही, वरून आणखी एक वास चढवतं, आणि दोन्ही मिळून जे तयार होतं ते नुसत्या घामापेक्षा वाईट. म्हणून क्रम असा ठेवा: साबणाने काख धुणं, टॉवेलने पूर्ण कोरडी करणं, डिओ, आणि कलोन सगळ्यात शेवटी. डिओ शक्यतो बिनवासाचा घ्या, नाहीतर त्याचा आणि कलोनचा सुगंध एकमेकांत घुसतो. घाम फार येत असेल तर नुसत्या डिओऐवजी अ‍ॅल्युमिनियमचे क्षार असलेलं, घामच कमी करणारं अँटीपर्स्पिरंट घ्या. ते रात्री झोपताना कोरड्या काखेत लावलं की जास्त चांगलं काम करतं.

एवढं करूनही वास राहिला तर मुलाला दोष देण्याआधी शर्ट हुंगून बघा. पॉलिस्टरच्या टी-शर्टमध्ये घामाचा वास धरून राहतो. धुतलेला, वाळलेला शर्ट अंगाच्या उबेने दहा मिनिटांत पुन्हा वास मारू लागतो. असे कपडे उलटे करून, डिटर्जंटच्या पाण्यात अर्धा तास भिजवून मग धुवा.

दुकानात पहिल्या पाच मिनिटांत निर्णय घेणं

फवारल्या फवारल्या जो तजेलदार वास येतो तो लिंबू, संत्रं, बर्गमॉट अशा हलक्या, झटकन उडणाऱ्या घटकांचा. तो पंधरा-वीस मिनिटांत बराचसा ओसरतो. त्यानंतर मधला सुगंध येतो: लॅव्हेंडर, पुदिन्यासारख्या वनस्पती, मसाले. तासा-दोन तासांनी तळाचा उरतो: लाकूड, कस्तुरीसारखा मस्क, व्हॅनिला, अंबर. शाळेचा उरलेला दिवस मुलाच्या अंगावर हाच तळाचा वास असणार आहे, आणि दुकानात नेमका तोच कुणी हुंगत नाही.

आधी कागदी पट्टीवर एक फवारा मारा, अर्धा मिनिट थांबून अल्कोहोल उडू द्या, मग हुंगा. पट्टीवर लगेच नाव लिहा, नाहीतर तिसऱ्या पट्टीनंतर कुठला वास कशाचा ते आठवत नाही. एका वेळी तीन-चारपेक्षा जास्त नको, नाक थकतं. नाक ताजं करायला कॉफीच्या बिया हुंगायची गरज नाही. मोकळ्या हवेत दोन मिनिटं उभं राहिलं तरी पुरतं. त्यातले आवडलेले दोन मुलाच्या दोन मनगटांवर एकेक फवारा मारून घरी या. चार तासांनी पुन्हा हुंगा. तेव्हाही त्याला आवडलं तर तेच घ्या.

मुलाच्याच मनगटावर, तुमच्या नाही. त्वचेचा तेलकटपणा आणि ऊब प्रत्येकाची वेगळी असते, आणि एकच कलोन दोघांवर वेगळं वाटू शकतं. मनगटं एकमेकांवर घासू नका. त्या उष्णतेने वरचे हलके घटक लवकर उडतात आणि चाचणी फसते.

बाटलीवरची अक्षरं न वाचणं

सुगंधी तेलाचं प्रमाण साधारण असं असतं: कलोनमध्ये २ ते ५ टक्के, ईडीटीमध्ये (EDT, म्हणजे ‘ओ द तॉयलेत’) ५ ते १५, ईडीपीमध्ये (EDP, म्हणजे ‘ओ द पार्फम’) १५ ते २०, परफ्यूममध्ये त्याहून जास्त. हे आकडे ठोकळ आहेत. शिवाय ‘कलोन’ हा शब्द पुरुषांच्या कुठल्याही सेंटला सर्रास वापरला जातो, त्यामुळे बोलीतल्या नावावर जाऊ नका, बाटली पाहा. मुलासाठी हलकी ईडीटी पुरे. लिंबूवर्गीय, सागरी, लॅव्हेंडरचा किंवा हलका लाकडी वास वर्गात खपून जातो. कॅल्विन क्लाइनचं १९९४ सालचं सीके वन (CK One) याच प्रकारातलं, आणि ते मुलगा-मुलगी असा भेद न करता बनवलेलं आहे. तेव्हा ‘पुरुषांसाठी’ असं लिहिलेलंच हवं, हा हट्टही सोडा. व्हॅनिला, टोंका, अंबर, ऊद यांचे गोड-जड सुगंध उकाड्यात आणि बंद खोलीत डोक्यात जातात. ते थंडीतल्या संध्याकाळसाठी ठेवा.

बाटली ३० मिलीची घ्या. एका फवाऱ्यात साधारण ०.१ मिली जातं, म्हणजे जवळपास ३०० फवारे. रोजचे दोन धरले तर पाच महिने. या वयात आवड सहा महिन्यांत बदलते, त्यामुळे १०० मिलीची बाटली बहुतेक वेळा अर्धी पडून राहते.

‘वास येतच नाही’ म्हणून वाढवत जाणं

इथे मुलं हमखास चुकतात. सतत येणाऱ्या वासाची नाकाला सवय होते आणि तो जाणवेनासा होतो. फक्त त्याला स्वतःला. मग दोनाचे चार, चाराचे आठ फवारे होतात आणि शेजारच्या बाकावरचा मुलगा खिडकी उघडतो. वास टिकलाय का, हे दोन तासांनी दुसऱ्या कुणालातरी विचारायचं. हातभर अंतरावरून हलका आला तर प्रमाण बरोबर आहे. खोलीच्या दारातून आला तर जास्त झालंय.

दोन फवारे बास: एक छातीवर शर्टाच्या आत, एक मानेच्या बाजूला, १५ ते २० सेंटिमीटरवरून. खरंच लवकर उडत असेल तर त्वचा कोरडी असण्याची शक्यता जास्त. आधी बिनवासाचं मॉइश्चरायझर लावा, फवारे वाढवू नका. चुकून जास्त झालं तर ती जागा साबणाने धुवा आणि शर्ट बदला. वरून डिओ मारू नका. वर्गात कुणाला दमा किंवा अर्धशिशी असेल, किंवा शाळेने सुगंधी द्रव्यांना मनाई केली असेल, तर त्या दिवशी कलोन घरीच.

त्वचेकडे दुर्लक्ष

नुकतीच दाढी केलेल्या किंवा मुरमं असलेल्या जागी फवारू नका. अल्कोहोलने आग होते, त्वचा कोरडी पडून आणखी चिडते. नवीन कलोन आधी कोपराच्या आतल्या बाजूला थोडं लावून दोन दिवस पाहा. खाज, लाली, पुरळ आलं तर ते त्याच्यासाठी नाही, कितीही आवडलेलं असो. अ‍ॅलर्जी एकदा झाली की सहसा जात नाही, म्हणून ‘होईल सवय’ म्हणत वापरत राहू नका.

बाटली न्हाणीघरात ठेवणं

वाफ, ऊन आणि उष्णता सुगंध बिघडवतात. मूळ खोक्यात, कपाटात ठेवा. नीट ठेवलेली बाटली साधारण तीन ते पाच वर्षं चांगली राहते. लिंबाचा तजेला जाऊन आंबूस किंवा तिखट वास यायला लागला, तर ती टाकायची वेळ झाली. नुसता रंग गडद झाला असेल तर आधी वास घेऊन पाहा. खरेदी करताना खोक्यावरचा आणि बाटलीच्या तळाचा बॅच क्रमांक जुळतो का, तेही तपासा. जुळत नसेल तर परत करा. आणि मुलाला हे नक्की सांगा की यात बहुतांश अल्कोहोल असतं: गॅस, मेणबत्ती, लायटर जवळ असताना फवारायचं नाही.